सहा गठ्ठे: ऑफिसातले कागदी घोडे ओळखण्याची आणि खरं काम शोधण्याची रीत

तहसील कचेरीतल्या लाल फितीला हसणारा माणूस हिंजवडीत किंवा ऐरोलीत बसून स्वतः दिवसभर काय करतो, ते एकदा पाहण्यासारखं असतं. सकाळी साडेनऊच्या स्टँडअपमध्ये, म्हणजे टीमच्या रोजच्या छोट्या मीटिंगमध्ये, काल काय केलं ते सांगायचं. तेच अकरा वाजता जिरावर, म्हणजे कामांची नोंद ठेवणाऱ्या सॉफ्टवेअरवर, लिहायचं. तेच दुपारी एक्सेलच्या ट्रॅकरमध्ये भरायचं, कारण क्लायंटला आपला जिरा दिसत नाही. तेच शुक्रवारी हिरव्या-पिवळ्या-लाल ठिपक्यांसह पीपीटीत चढवायचं आणि संध्याकाळी टाइमशीटच्या रकान्यात बरोबर आठ तास होतील असं बसवायचं. काम एक, नोंदी पाच. कचेरीतला कारकून बिचारा एकाच नोंदवहीत लिहितो.

गंमत अशी की यावरचा उतारा त्याच कचेऱ्यांत सापडतो. महाराष्ट्रातल्या सरकारी कार्यालयांत 'सहा गठ्ठे पद्धत' शिकवली जाते. टेबलावरचा प्रत्येक कागद सहापैकी एका गठ्ठ्यात गेलाच पाहिजे, सातवी जागा नाही. १९८० च्या दशकात अहमदनगरचे जिल्हाधिकारी अनिलकुमार लखिना यांनी दप्तर लावण्याची जी शिस्त घालून दिली, ती 'लखिना पॅटर्न' म्हणून आजही ओळखली जाते. २०१७ मध्ये पुणे विभागात चंद्रकांत दळवी विभागीय आयुक्त असताना 'झिरो पेंडन्सी', म्हणजे एकही प्रकरण पडून न ठेवण्याची मोहीम झाली, तेव्हाही सुरुवात कपाटं रिकामी करून गठ्ठे बांधण्यापासून झाली. सगळ्या कचेऱ्या त्यामुळे सुधारल्या असं नाही. पण पद्धतीत जीव आहे, आणि खासगी ऑफिसातल्या कुणालाही ती लॅपटॉपवर वापरता येते. वरून परवानगी लागत नाही, हा तिचा मोठा गुण.

एक गोष्ट मात्र आधी ठरवून घ्यायची. कुठल्याही कामाला विचारायचा प्रश्न एकच: हे शेवटी कुणाच्या हाती जातं, आणि तो माणूस त्याचं काय करतो? उत्तर मिळालं तर ते काम. नाही मिळालं तर तो कागदी घोडा. दमवतात दोन्ही सारखंच, म्हणून दमणुकीवरून ओळखू येत नाही.

आधी दहा दिवसांची वही

साहित्य: एक शंभरपानी वही, पेन, कामाचे दहा दिवस. अ‍ॅप नको, आणि ऑफिसच्या लॅपटॉपवर फाईल तर नकोच. ती उद्या कुणीतरी उघडणार, आणि आज तुम्ही ती कुणीतरी उघडेल अशा बेताने भरणार. वही बॅगेत घरी येते.

पानावर चार रकाने आखा: किती वाजता, काय केलं, कुणी मागितलं, कुणाच्या हाती गेलं. एका कामावरून दुसऱ्यावर गेलात की एक ओळ लिहायची. दहा सेकंद लागतात. दिवस संपल्यावर एकदम लिहू नका. सहा वाजता आठवून लिहिलेल्या दिवसात सगळंच 'काम' होतं, मधले पंचेचाळीस मिनिटांचे तीन तुकडे गायब होतात, आणि नेमके तेच आपल्याला हवे असतात.

संध्याकाळी प्रत्येक ओळीपुढे एक अक्षर मांडा. 'क' म्हणजे काम: तुमच्या हातून काहीतरी तयार झालं, सुटलं, दुरुस्त झालं आणि पुढे कुणाच्या तरी उपयोगी पडलं. 'न' म्हणजे नोंद: झालेल्या कामाबद्दल सांगणं, लिहिणं, दाखवणं. 'थ' म्हणजे थांबणं: अप्रूव्हल, अ‍ॅक्सेस, उत्तर, व्हीपीएन. 'स' म्हणजे सावरणं: दुसऱ्याने अर्धवट टाकलेलं किंवा यंत्रणेतच मोडलेलं काहीतरी रोज नव्याने हाताने जुळवणं. दोन सिस्टिम एकमेकींशी बोलत नाहीत म्हणून रोज सकाळी एकीतून एक्सेल काढून दुसरीत चढवणारा माणूस हे 'स'चं चालतंबोलतं उदाहरण.

इथे हमखास चूक होते ती 'न'मध्ये. चाळीस स्लाइडची पीपीटी करताना मान मोडते, त्यामुळे तिला 'न' म्हणायला मन धजत नाही. पण खूण मेहनतीवरून ठरत नाही, हाती कुणाच्या काय पडलं यावरून ठरते. उलट बाजूने, नव्या पोराला अर्धा तास बसून कोड समजावला तर ते 'क'. टपरीवर कटिंग पिता पिता दुसऱ्या टीमच्या माणसाकडून अडलेली गोष्ट सुटली तर तेही 'क', कॅलेंडरमध्ये दिसलं नाही तरी.

दहा दिवस निवडताना त्यात महिन्याची अखेर, रिलीज किंवा क्लोजिंग यांपैकी एक तरी यायला हवं. नुसता निवांत पंधरवडा धरलात तर हिशेब चुकतो. अकराव्या दिवशी बेरीज करा. समजा ८० तासांत 'क' ३१, 'न' २४, 'थ' १४ आणि 'स' ११ आले. 'न' जास्त असेल तर खालचा तिसरा गठ्ठा तुमच्यासाठी. 'थ' जास्त असेल तर परवानग्यांचा भाग वाचा. 'स' जास्त असेल तर ती बहुतेक वेळा चांगली बातमी असते: रोज हाताने जे जुळवताय ते कायमचं जुळवून दिलंत, तर त्याहून दाखवण्यासारखं काम वर्षभरात दुसरं सापडणार नाही. फक्त ते करायला लागणारे दोन-तीन दिवस आधी मागून घ्या. 'जमेल तसं कर' या बोलीवर घेतलेलं असं काम रात्रीच्या जेवणानंतर करावं लागतं.

गठ्ठे लावणं

एका शनिवारी सकाळी किंवा क्लायंटकडे सुट्टी असलेल्या दिवशी दीड तास काढा. आउटलुकमध्ये सहा फोल्डर करा आणि नावाआधी आकडा घाला, नाहीतर ते अक्षरक्रमाने लागून गोंधळ होतो. जीमेलवाल्यांनी सहा लेबलं करावीत.

१. प्रलंबित: चेंडू तुमच्याकडे आहे.
२. प्रतीक्षाधीन: तुमचं झालंय, दुसऱ्याच्या उत्तराची वाट आहे.
३. नियतकालिके: ठरावीक दिवशी येणारं सगळं. रिपोर्ट, ट्रॅकर, टाइमशीट, दर आठवड्याच्या मीटिंग.
४. स्थायी आदेश: धोरणं, परिपत्रकं, 'हे असं करायचं' सांगणाऱ्या मेल.
५. अभिलेख: संपलेलं, पण पुढे पुरावा म्हणून लागू शकेल असं.
६. नष्ट करायचं.

मेलबॉक्समध्ये बारा हजार मेल असतील तर ते लावत बसू नका. अशी हौस पहिल्या तासाभरात विरते आणि पद्धत बदनाम होते. तीस दिवसांपूर्वीचं सगळं उचलून 'जुनं' नावाच्या एका फोल्डरात टाका. लागेल तेव्हा शोधता येतं. फक्त गेल्या तीस दिवसांचं लावा. सहावा गठ्ठा लगेच उडवू नका, महिनाभर बांधून ठेवा. आणि ऑडिट किंवा कोर्टाच्या कामासाठी मेल जपून ठेवायची सूचना कंपनीकडून आली असेल, तर त्या विषयातलं काहीही त्यात जाता कामा नये.

पहिले दोन गठ्ठे वेगळे करणं हेच अर्ध्याहून अधिक काम. बहुतेकांच्या डोक्यावरचं ओझं या दोघांच्या सरमिसळीचं असतं: दुसऱ्याकडे अडलेली प्रकरणंही आपल्याच उशाशी येऊन झोपतात. दुसऱ्या गठ्ठ्यातल्या प्रत्येक प्रकरणाला दोन गोष्टी हव्यात, कुणाकडे अडलंय आणि पुन्हा कधी विचारायचं. ती तारीख कॅलेंडरमध्ये गेली की ते तोवर डोक्यातून काढायला तुम्ही मोकळे. आठवणीची मेल पाठवताना 'जेंटल रिमाइंडर' लिहिण्यापेक्षा काय अडलंय ते लिहा: 'तुमचा होकार आला की आम्ही गुरुवारी टेस्टिंग सुरू करतो, नाही आला तर ते सोमवारवर जातं.' चौथ्या जेंटल रिमाइंडरमध्ये तसंही जेंटल काही उरलेलं नसतं.

चौथ्या गठ्ठ्यात फार काही नसतं. पाचव्यात सरकारी दप्तरासारखी, किती काळ जपायचं यानुसार, अ-ब-क-ड वर्गवारी करता आली तर उत्तम. तेवढा उत्साह नसेल तर 'कायम' आणि 'वर्षभर' एवढे दोनच भाग करा. कायममध्ये ऑफर लेटर, पगारवाढीची पत्रं, अप्रेझलचे शेरे आणि ज्या निर्णयांवर तुमचं नाव आहे ते निर्णय. यांतली तुमची स्वतःची पत्रं घरीही ठेवा, कारण नोटीस पिरियडच्या शेवटच्या दिवशी लॅपटॉप जमा होतो. क्लायंटची किंवा कंपनीची कागदपत्रं घरी नेऊ नका, तो वेगळाच गुन्हा होतो.

तिसरा गठ्ठा: नियतकालिके

कागदी घोड्यांचा तबेला इथे आहे. नियतकालिक सुरू व्हायला एक तक्रार पुरते, बंद व्हायला मात्र काहीच कारण पुरत नाही. कधीतरी सर्व्हर दोन तास बंद पडला, वरच्या साहेबांनी 'रोज मला आकडा दाखवा' म्हटलं, सर्व्हर बदलला, साहेबही बदलले, आकडा जातोच आहे. सिरिल नॉर्थकोट पार्किन्सन यांनी १९५५ मध्ये 'द इकॉनॉमिस्ट'मध्ये ब्रिटिश नौदलाचे आकडे मांडून हेच दाखवलं होतं. १९१४ मध्ये ६२ मोठ्या युद्धनौका होत्या, १९२८ मध्ये २० उरल्या. त्याच काळात मुख्यालयातले अधिकारी २,००० वरून ३,५६९ झाले. जहाजं कमी झाली म्हणून कागद कमी होत नाहीत. माणसं एकमेकांना पुरेसं काम देऊ शकतात.

रिपोर्ट बंद करण्याचा एक लोकप्रिय सल्ला आहे: गुपचूप पाठवणं थांबवा, कुणी विचारलं नाही तर तो निरुपयोगी. हे करू नका. काही रिपोर्ट वर्षभर कुणी उघडत नाही आणि मार्चअखेरीस एकदाच लागतात. तेव्हा 'मी प्रयोग करत होतो' हे उत्तर चालत नाही, आणि अप्रेझल तोंडावर असतं. त्यापेक्षा अशी वाट धरा.

आधी कायद्याचे आणि कराराचे रिपोर्ट बाजूला काढा, त्यांना हात लावायचा नाही. पीएफचा भरणा पुढच्या महिन्याच्या १५ तारखेपर्यंत, टीडीएस (मार्चचा सोडून) ७ तारखेपर्यंत, दरमहा भरणाऱ्यांचं जीएसटीचं विवरणपत्र, जीएसटीआर-३बी, २० तारखेपर्यंत. यांच्या मागचे तक्ते कंटाळवाणे असतील, निरुपयोगी नाहीत. क्लायंटच्या करारात लिहिलेले आणि सुरक्षेच्या तपासणीचे रिपोर्टही यातच.

उरलेल्यांतला एकच निवडा, सगळ्यांत जास्त वेळ खाणारा. तो मेलला जोडून पाठवत असाल तर शेअरपॉइंटवर (कंपनीच्या सामायिक फायलींच्या जागी) ठेवून लिंक पाठवायला लागा. किती जणांनी उघडला ते तिथे बहुधा दिसतं, अ‍ॅडमिनने बंद केलं नसेल तर. हा आकडा स्वतःपुरता ठेवा. 'सर, तुम्ही सहा आठवड्यांत एकदाही उघडला नाही' असं मीटिंगमध्ये म्हणणारा माणूस खरं बोलतो, आणि पुढची दोन वर्षं भोगतो.

मग ज्यांच्याकडे रिपोर्ट जातो त्यांना एकेकट्याने विचारा: 'यातला आकडा वाढला किंवा घटला तर तुम्ही वेगळं काय करता?' 'हा रिपोर्ट हवा का?' असं विचारू नका. त्याला कुणीही 'असू दे' म्हणतो, कारण असू देण्याचा खर्च त्याच्या खिशातून जात नाही. पहिल्या प्रश्नाला 'मी पुढे पाठवतो' असं उत्तर आलं तर तो ज्याला पाठवतो त्याला विचारा. दोन-तीन पायऱ्यांत एक तर खरा वापरणारा सापडतो, किंवा साखळी हवेत संपते. खरा वापरणारा सापडला तर बहुधा असं निघतं की त्याला चाळीसातले तीनच आकडे लागतात आणि तेही महिन्यातून एकदा.

साखळी हवेत संपली तर 'बंद' हा शब्द वापरू नका, 'स्थगित' म्हणा. मेल इंग्रजीतच जाणार, पण मजकूर असा असू द्या: 'या रिपोर्टला दर आठवड्याला साडेतीन तास लागतात. पुढचे सहा आठवडे तो थांबवून तो वेळ प्रलंबित तक्रारींना देतो. मूळ माहिती या ठिकाणी ठेवलेली आहे, मागितल्यास एका दिवसात काढून देऊ.' सहा आठवडे का? एक तरी महिनाअखेर मध्ये यावी म्हणून. आणि मूळ माहिती खरंच ठेवा. सगळा प्रयोग तिच्यावर उभा आहे.

मीटिंगचं गणित वेगळं मांडावं लागतं, कारण तिथे वेळ दुसऱ्यांचाही जातो. एका माणसाचा वर्षाला १२ लाख सीटीसी, म्हणजे कंपनीला पडणारा एकूण खर्च, धरा. सुट्ट्या-रजा वजा जाता कामाचे २३० दिवस, रोज आठ तास, म्हणजे १,८४० तास. तासाला साधारण ६५० रुपये. आठ जणांचा अर्ध्या तासाचा रोजचा स्टेटस कॉल म्हणजे रोज चार माणूस-तास, २,६०० रुपये, वर्षाला सहा लाखांच्या घरात. अर्धा माणूस वर्षभर नुसता 'नो अपडेट फ्रॉम माय साइड' म्हणायला ठेवल्यासारखं. हे गणित मॅनेजरला दाखवायचं असेल तर मीटिंग त्याने सुरू केलेली नाही ना, एवढं आधी बघून घ्या.

स्वतःच्या मीटिंगपासून सुरुवात करणं सोपं. गुगल कॅलेंडरमध्ये 'स्पीडी मीटिंग्ज' चालू केलं की अर्ध्या तासाची मीटिंग २५ मिनिटांची होते, तासाची ५० मिनिटांची. आउटलुकमध्येही तशी सोय आहे. निमंत्रणात विषय नको, प्रश्न लिहा. 'पेमेंट मॉड्यूल चर्चा' या विषयावर तीन दिवस बोलता येतं. 'पेमेंट मॉड्यूल १५ तारखेच्या रिलीजमध्ये घ्यायचं की नाही?' याला हो किंवा नाही असं उत्तर असतं. ज्यांच्या 'हो'ची गरज आहे तेवढ्यांनाच बोलवा, बाकीच्यांना दोन ओळींचा निर्णय कळवा.

दुसऱ्याच्या मीटिंगमधून सुटका मागताना सरळ नकार देऊ नका. 'यात माझ्याकडून कुठला निर्णय किंवा माहिती हवी आहे? ती मी आधीच लिहून पाठवतो' असं विचारा. निम्म्या वेळा लिहून दिल्यावर काम भागतं. ज्या मीटिंगला नुसतं 'दिसावं' लागतं, ती टाळू नका. ती महिन्यातून किती आहेत ते मोजा. चारपर्यंत असतील तर तो नोकरीचा कर समजावा. रोज असेल तर ती टीमच दिसण्याच्या धंद्यात आहे.

परवानग्यांची साखळी

महाराष्ट्राच्या २००५ च्या बदल्या आणि विलंब प्रतिबंध कायद्यात सरकारी कर्मचाऱ्याकडे साधी फाईल कामाच्या सात दिवसांपेक्षा जास्त राहू नये, तातडीची चार दिवसांत निघावी, अशी तरतूद आहे. ती किती पाळली जाते हा प्रश्न वेगळा. पण निदान मुदत लिहिलेली आहे. खासगी कंपनीत तीन हजारांच्या सॉफ्टवेअर लायसन्सला पाच सह्या लागतात आणि एकाही सहीला मुदत नसते.

वहीतल्या 'थ'च्या ओळी काढून प्रत्येकीपुढे सही कुणाची अडली ते लिहा. बहुतेक वेळा दोनच नावं पुन्हा पुन्हा येतात, आणि त्यांतलं एक नाव आळशी माणसाचं नसून ज्याच्यावर सगळ्यांनी भार टाकलाय अशा माणसाचं असतं. त्याला मेल पाठवताना पहिल्या दोन ओळींत तीन गोष्टी द्या: काय मंजूर करायचं, किती पैशांचं किंवा किती जोखमीचं, कधीपर्यंत. पार्श्वभूमी खाली. बावीस मेलांचा माग जोडून वर 'प्लीज सी ट्रेल मेल' लिहिलंत, तर तो ते रात्री वाचू म्हणून ठेवतो, आणि ती रात्र येत नाही.

छोट्या गोष्टींसाठी 'बुधवारी पाचपर्यंत हरकत आली नाही तर पुढे जातो' ही रीत चालते. चालते तिथेच वापरा: मजकुरातला बदल, मीटिंगची तारीख, टेस्टिंगचा क्रम. पैसा, कुणाला दिलेला अ‍ॅक्सेस, ग्राहकांची माहिती आणि माणसांची भरती या चार बाबतींत मौन म्हणजे संमती कधीच धरू नका. अंगाशी आलं की सगळे मौनी एकदम बोलके होतात.

टाइमशीट, केआरए (नेमून दिलेली उद्दिष्टं) आणि आकड्यांची भूक

ब्रिटिश अर्थतज्ज्ञ चार्ल्स गुडहार्ट यांच्या नावाने एक नियम सांगतात. त्यांनी तो १९७५ मध्ये चलनविषयक धोरणाबद्दल मांडला होता, पण लागू पडतो सगळीकडे: मोजमापालाच लक्ष्य केलं की ते मोजायच्या लायकीचं राहत नाही. सपोर्ट टीमला 'किती तिकिटं बंद केली' यावर जोखलं की एक तक्रार तीन तिकिटांत विभागून येते. हे तुमच्या एकट्याने बदलणार नाही. करता येतं ते एवढंच, की लक्ष्याच्या आकड्याशेजारी दुसरा आकडा स्वतःहून ठेवायचा: बंद केलेल्या तिकिटांपैकी किती आठवड्यात पुन्हा उघडली. दोन्ही शेजारी दिसले की फसवाफसवी आपोआप अवघड होते.

टाइमशीट रोज भरा, खरं भरा. सर्व्हिस कंपनीत त्यावर क्लायंटचं बिल निघतं, त्यामुळे शुक्रवारी सहा वाजता अंदाजपंचे ठोकलेले आठ-आठ तास हा विनोद नसून खोटं बिल असतं. मीटिंगसाठी वेगळा कोड मागून घेता आला तर घ्या. वरच्यांना तुमचं गाऱ्हाणं ऐकू येत नाही, कोडवर चढलेले तास दिसतात.

अप्रेझलसाठी दर शुक्रवारी तीन ओळी लिहा: काय बदललं, कुणासाठी, आधी किती होतं आणि आता किती. 'डेटा क्लीनिंग केलं' ही ओळ मार्चमध्ये कुणाच्याच कामाची नसते. 'जुळणी न होणारी बिलं महिन्याला ४० होती, ती ६ वर आली, अकाउंट्सचा दीड दिवस वाचला' ही असते. वर्षाच्या पन्नासेक शुक्रवारांपैकी तीस भरले तरी पुष्कळ. न भरणाऱ्यांना फॉर्म उघडल्यावर फक्त जानेवारी ते मार्च आठवतं. बेल कर्व्हमध्ये, म्हणजे रेटिंगच्या ठरावीक प्रमाणातल्या वाटणीत, याने सरळ वरचा क्रमांक मिळेल अशी खात्री नाही; तिथे कुणाला तरी खाली बसवायचंच असतं. पण रेटिंगवर बोलायला हातात काहीतरी असतं, आणि नोकरी बदलताना बायोडेटा अर्ध्या तासात होतो.

शेवटचा माणूस

घोडे कमी झाले की वेळ मोकळा होतो, पण रिकाम्या वेळाने कामाला अर्थ येत नाही. त्यासाठी वहीतला चौथा रकाना पुन्हा काढा, 'कुणाच्या हाती गेलं' तो. तिथे बहुधा शेजारच्या टीमचं नाव असतं. तिथून पुढे विचारत जा: आणि मग कुणाकडे? पगारी नोकरदार संपून ज्याला आपल्या कंपनीशी काही देणंघेणं नाही असा माणूस येईपर्यंत जायचं. चार-पाच टप्पे लागतात.

चाकणच्या कारखान्यात पुरवठादारांची बिलं चढवणाऱ्याचं उदाहरण घ्या. काम कंटाळवाणं: चलन, पीओ (खरेदीची ऑर्डर), जीआरएन (माल मिळाल्याची नोंद) तिन्ही जुळवायचे, फरक आला तर बिल 'होल्ड'वर. साखळी पुढे नेली की भोसरीतला एक छोटा वर्कशॉपवाला येतो, ज्याच्याकडे सात-आठ कामगार आहेत आणि ज्याला दहा तारखेला पगार करायचे आहेत. २००६ च्या एमएसएमई कायद्यात सूक्ष्म आणि लघु उद्योगांचे पैसे द्यायला, लेखी करार असला तरी, जास्तीत जास्त ४५ दिवसांची मुदत आहे. तुमच्या स्क्रीनवरचं 'होल्ड' म्हणजे त्या ४५ दिवसांचा हिशेब. त्याच्याशी एकदा फोनवर बोला: 'काका, तुमची बिलं नेमकी कशावरून अडतात?' बऱ्याचदा पीओच्या क्रमांकातला एक डॅश किंवा चुकलेला एचएसएन कोड (जीएसटीसाठीचा मालाचा क्रमांक) असं काहीतरी निघतं. पुरवठादारांना पाठवायचा एक पानी नमुना तयार केला तर ते महिन्याभराचं 'स' वाचवतं.

याला आधार आहे. अ‍ॅडम ग्रँट आणि सहकाऱ्यांनी २००७ मध्ये प्रसिद्ध केलेल्या एका प्रयोगात विद्यापीठासाठी फोनवरून देणग्या गोळा करणाऱ्यांची, त्या पैशांतून शिष्यवृत्ती मिळालेल्या एका विद्यार्थ्याशी काही मिनिटांची भेट घडवली. महिन्याभराने पाहिलं तर त्यांचा फोनवरचा वेळ आणि जमवलेला पैसा दोन्ही दुपटीहून जास्त झाले होते. भाषण नाही, पोस्टर नाही, बोनस नाही. शेवटचा माणूस दिसला, बस. एमी रेझ्नेस्की आणि जेन डटन यांनी २००१ मध्ये रुग्णालयातल्या सफाई कर्मचाऱ्यांबद्दल लिहिलं, त्यांतले काही जण रुग्णाला बरं वाटावं म्हणून हुद्द्यात नसलेली छोटी कामं स्वतःहून करत आणि स्वतःचं काम शुश्रूषेचाच भाग मानत. मालकाने कामाचा आराखडा दिला असला तरी कडेची थोडी जागा आपल्या हाती असते, ती ही.

करायचं काय? तीन महिन्यांतून एकदा तासभर शेवटच्या माणसाच्या जवळ बसा. सॉफ्टवेअरवाल्यांनी सपोर्टचे कॉल ऐकावेत, परवानगी घेऊन, आणि मध्ये बोलू नये. एचआरवाल्याने नव्या माणसाचा पहिला दिवस रिसेप्शनपासून त्याच्याबरोबर घालवावा. लॅपटॉप तिसऱ्या दिवशी मिळतो हे तेव्हा कळतं. ऐकलेल्यांतली एकच गोष्ट दुरुस्त करायला घ्या. दहा घेतल्यात तर त्यांचाही ट्रॅकर होतो.

इथे दोन खड्डे आहेत. एक, शेवटचा माणूस सापडला म्हणून कमी पगार, रात्री साडेअकराचे कॉल आणि रद्द झालेल्या रजा गोड मानून घ्यायच्या नाहीत. 'आपण एक फॅमिली आहोत' म्हणणारी कंपनी नोटीस पिरियडचे नव्वद दिवस मोजूनच घेते. अर्थ आणि मोबदला हे दोन वेगळे हिशेब आहेत, एकाची थकबाकी दुसऱ्यात वळती होत नाही. दुसरा खड्डा जास्त खोल: काही साखळ्यांना शेवटच नसतो. तुमचा रिपोर्ट ज्या रिपोर्टमध्ये जातो, तो ज्या समितीकडे जातो, ती समिती पुढचा रिपोर्ट मागवते. प्रामाणिकपणे पाच टप्पे जाऊनही माणूस लागला नाही, तर दोष तुमच्या दृष्टिकोनाचा नाही. अशा वेळी आधी त्याच कंपनीत ग्राहकाच्या एक पायरी जवळची टीम बघा. अंतर्गत बदलीसाठी ठरावीक महिने जुन्या जागी काढावे लागतात, तो नियम एचआरच्या धोरणात, म्हणजे तुमच्या चौथ्या गठ्ठ्यात असतो.

तेही नसेल आणि घराचा हप्ता चालू असेल, तर नोकरीला पोटापाण्याची नोकरी म्हणायला काहीच हरकत नाही. तिच्याकडून अर्थ मागणं थांबवलं की तिचा राग येणंही कमी होतं. मग वहीतून वाचलेले तास ऑफिसला परत देऊ नका. सहा म्हणजे सहाला उठा आणि ते तास पथकाच्या सरावाला, अभ्यासिकेतल्या मुलांच्या गणिताला, गावाकडच्या डाळिंबाच्या हिशेबाला, जिथे समोर माणूस दिसतो तिथे द्या.

वही दुसऱ्यांदा काढायची ती सहा महिन्यांनी, शक्यतो ऑक्टोबरात. दिवाळीच्या रजा मंजूर करून घेण्याआधी 'थ'चा आकडा हाताशी असलेला बरा.